समासातली दुरुस्ती

माझी सबंध नोकरी एका खिडकीमागे गेली. जन्माची नोंद, मृत्यूची नोंद, दाखल्याच्या प्रती आणि नावातील दुरुस्त्या यांसाठी लोक त्या खिडकीसमोर रांग लावत, आणि मी तेहतीस वर्षे त्यांच्या चेहऱ्यांपेक्षा त्यांच्या कागदांकडे अधिक पाहत आले. २०२१ मध्ये निवृत्त झाले तेव्हा रकान्यांशी असलेला आपला संबंध आता संपला, असे मी धरून चालले होते. तो पुन्हा जुळला तो धाकट्या बहिणीच्या मुलीमुळे, परळमधल्या एका रिकाम्या गाळ्यात, जिथे ती ओळीने पाच संध्याकाळी माझीच जुनी सुती साडी नेसून, माझ्याच पद्धतीने मान खाली घालून बसली होती.

भाची चित्रकार आहे असे मी शेजाऱ्यांना सांगते, कारण ते सांगायला सोपे पडते. ती स्वतःला बहुमाध्यमी कलावंत म्हणवते. ती चित्रे काढते, चित्रफिती करते, मांडणशिल्पे उभारते आणि अधूनमधून स्वतःच्या शरीरालाच माध्यम करून लोकांसमोर तासन्‌तास उभी राहते किंवा बसते. या शेवटच्या प्रकाराला तिच्या वर्तुळात परफॉर्मन्स म्हणतात. मराठीत 'सादरीकरण' म्हटले की लोकांना गाण्याचा कार्यक्रम नाहीतर कार्यालयातला पडदा आठवतो, म्हणून मीही येथे परफॉर्मन्सच म्हणणार आहे.

तिचा विषय, तिच्या शब्दांत, 'शहरातली ओळख' हा आहे. तिने तो पहिल्यांदा सांगितला तेव्हा मला हसू आले होते, कारण या शब्दाचे सगळे अर्थ आमच्या खिडकीवर रोज इतके हाताळले जात की त्यातून कलाकृती वगैरे निघेल असे कधी मनातही आले नव्हते. ओळख पटवावी लागते, ती बँकेत आणि शवागारातही. ओळख असावी लागते, म्हणजे आत कोणीतरी आपले माणूस असावे लागते, की अडलेले काम पुढे सरकते. ओळख काढत काढत माणसे एकमेकांच्या गावापर्यंत आणि तिथून नकळत आडनावापर्यंत पोहोचतात. आणि समोरच्याला ओळख न दाखवणे हा तर सकाळच्या लोकलच्या डब्यातला नित्याचा प्रकार आहे. यांपैकी एकही ओळख माणसाला एकट्याने बाळगता येत नाही. प्रत्येकीसाठी समोर दुसरे कोणीतरी लागते. भाचीचे म्हणणे असे की म्हणूनच ती हा विषय केवळ भिंतीवर टांगून हाताळू शकत नाही, तिला त्यासाठी माणसे समोर उभी करावी लागतात. हे मला पटायला बराच वेळ लागला.

एका दुपारी चहा पिताना तिने सहज विचारले, "मावशी, नाव चुकीचं लागलेलं असलं, तर तू ते खोडायचीस का गं?" मी सांगितले की खोडायचे नसतेच. जन्म-मृत्यू नोंदणीचा कायदा १९६९ चा आहे आणि त्याच्या १५ व्या कलमात हे स्वच्छ लिहिलेले आहे की नोंद चुकीची ठरली तर मूळ नोंदीला हात न लावता दुरुस्ती समासात करायची, तिच्याखाली निबंधकाने सही करायची आणि तारीख घालायची. म्हणजे 'संगिता'ची 'संगीता' झाली तरी ऱ्हस्व संगिता जिथल्या तिथे राहते आणि दीर्घ संगीता समासात येऊन उभी राहते. पुढे पन्नास वर्षांनी कोणी ती नोंदवही उघडली तर त्याला दोघीही दिसतात. भाचीने कप खाली ठेवला आणि मला हेच पुन्हा एकदा, सावकाश सांगायला लावले.

तिला दुसरी गोष्ट आवडली ती नाव नसलेल्या मुलांची. जन्म झाल्यापासून एकवीस दिवसांत नोंद व्हावी लागते, पण आपल्याकडे बारसे बाराव्या दिवशी ठरले तरी आत्या गावाहून येईपर्यंत ते पुढे जाते, आणि नोंद मात्र तोवर झालेली असते. अशा नोंदीत नावाचा रकाना मोकळा राहतो. नंतर नाव घालून घेण्यासाठी पंधरा वर्षांपर्यंत मुदत असल्यामुळे कित्येक मुले शाळेत जातात, गृहपाठ करतात, मार खातात, आणि नोंदवहीत मात्र ती अजून कोणीच नसतात. दहावीचा अर्ज भरायची वेळ आली की आईवडील धावत येत. त्या मुलांपैकी एखादे सोबत आलेले असे आणि आपले नाव प्रथमच वहीत चढताना खिडकीच्या गजांतून टाचा उंचावून पाहत असे.

या दोन गोष्टींतून तिची कलाकृती तयार झाली. तिने एक नमुना छापून घेतला, आमच्याकडे असे तसाच, राखाडी कागदावर, रुंद समास सोडून. समोर येणाऱ्या माणसाला ती दोनच प्रश्न विचारणार होती: स्वतःचे नाव आणि आईचे नाव. वय, मातृभाषा, मूळ गाव, व्यवसाय आणि राहण्याचे ठिकाण हे बाकीचे रकाने तिने केवळ समोरच्याकडे पाहून भरायचे. छायाचित्राच्या चौकटीत चेहऱ्याऐवजी ती कोळशाने त्या माणसाचा हात काढणार होती. मग कागद खिडकीतून बाहेर द्यायचा. चुकलेले काही असेल तर माणसाने ते खोडायचे नाही. समासात स्वतःच्या अक्षरात दुरुस्ती लिहून सही करायची आणि तारीख घालायची. मूळ प्रत भिंतीवर टाचली जाई आणि कार्बनखालची प्रत माणूस घरी नेई. कार्बन पेपर मिळवायला आम्हाला दोन दिवस फिरावे लागले, आणि अखेर तो सापडला तो भायखळ्याच्या एका स्टेशनरीवाल्याकडे, ज्याने तो देताना "कशाला पाहिजे?" असे तीन वेळा विचारले.

आता जागेचे. सगळी सोंगे आणता येतात, पैशाचे सोंग आणता येत नाही, ही म्हण मुंबईत जागा भाड्याने घेऊ पाहणाऱ्या कोणालाही नव्याने समजावून सांगावी लागत नाही. कलादालने तिच्या आवाक्याबाहेरची होती. अखेर ओळखीतून (पुन्हा तोच शब्द) परळच्या एका जुन्या इमारतीतला तळमजल्याचा गाळा सहा दिवसांसाठी मिळाला. तिथे कधीकाळी गिरणी कामगारांची खाणावळ होती. १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला आणि सुमारे अडीच लाख कामगारांच्या घरातली चूल त्याच्याशी बांधली गेली. त्या वेळी मी लालबागच्या आमच्या खोलीत बारावीचा अभ्यास करत होते आणि वडील रोज सकाळी ठरल्या वेळी उठून, दाढी करून, कुठेही न जाता बसत. कामाला जाणारा माणूस ही त्यांची ओळख संपल्यानंतरही दाढी काही महिने चालू राहिली. गाळ्याच्या भिंतीवर पाट टेकवून ठेवल्याच्या खुणा अजून होत्या. भाचीने त्यांवर रंग मारू दिला नाही, आणि मला ते बरे वाटले.

पत्ता सांगतानाही गंमत झाली. माझ्या वयाचे लोक 'एल्फिन्स्टनला उतरा' म्हणून एकमेकांना सांगत होते आणि भाचीच्या वयाचे 'प्रभादेवी' म्हणत होते. स्टेशनचे ते नाव बदलले जुलै २०१८ मध्ये, म्हणजे फार जुनी गोष्ट नाही, पण जिभेवरचे नाव गॅझेटने बदलत नाही, हे मी व्यवसायाने जाणते.

पहिल्या संध्याकाळी मी मागे एका स्टुलावर बसले होते. तिने माझी साडी नेसली होती, चष्म्याला दोरी लावली होती आणि पाने उलटताना बोट ओल्या स्पंजवर टेकवण्याची माझी लकब उचलली होती. ती लकब मला स्वतःला कधी माहीतही नव्हती. पहिले दोन तास आले ते तिच्या वर्तुळातले लोक: सुती कपडे, चांदीचे मोठे दागिने, आणि प्रत्येक गोष्टीकडे आधी फोनमधून पाहण्याची सवय. त्यांनी दुरुस्त्या केल्या त्या मुख्यतः वयाच्या. धर्म, भाषा, प्रांत यांवरून वाद होतील अशी मला भीती होती. परंतु अठ्ठावन्न लिहिले म्हणून एक बाई जितक्या रागावल्या तितके सहा दिवसांत दुसऱ्या कशावरूनही कोणी रागावले नाही. त्यांनी समासात 'चोपन्न' असे अक्षरी लिहिले, जणू धनादेश लिहीत होत्या.

आईचे नाव विचारल्यावर जे घडे ते मात्र मी नोकरीत असताना कधी इतके लक्षपूर्वक पाहिले नव्हते. १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदांवर स्वतःच्या नावानंतर आणि वडिलांच्या नावाआधी आईचे नाव लावणे राज्यात बंधनकारक झाले आहे. ते माझ्या निवृत्तीनंतरचे. या गाळ्यात मात्र साठ-सत्तरीचे पुरुष आईचे नाव सांगताना अडखळत होते, कारण ते नाव त्यांनी मोठ्याने उच्चारल्याला कैक वर्षे लोटली होती. पुष्कळ बायकांनी उलट प्रश्न केला, "माहेरचं सांगू की सासरचं?" लग्नात तांदळाच्या ताटात अंगठीने लिहिलेले नवे नाव एकीकडे आणि आजोळी हाक मारली जाई ते दुसरीकडे. भाची काही न बोलता थांबून राही. बहुतेकींनी माहेरचे सांगितले.

तिसऱ्या दिवशी एक माझ्याच वयाच्या बाई आल्या. हिरव्या काठाची साडी, कपाळावर मोठे कुंकू, कडक परळी मराठी. भाचीने मातृभाषेच्या रकान्यात मराठी लिहिले, मूळ गाव म्हणून सातारा. बाई हसल्या. त्या पद्मशाली, घरात तेलुगू. त्यांचे आजोबा विणकामासाठी मुंबईत आले आणि गिरणीत लागले. समासात त्यांनी मराठीत लिहिले, 'दोन्ही', आणि सही तेलुगूत केली. मूळ गावाला मात्र त्यांनी हात लावला नाही. "राहू दे सातारा," त्या म्हणाल्या, "आमचं गाव मीही कुठं पाहिलंय."

त्याच संध्याकाळी वरच्या मजल्यावर जेवणाचे पार्सल घेऊन आलेला एक मुलगा परतताना दारात थबकला. भाचीने त्याला हिंदीत आत बोलावले, त्याने हिंदीतच नाव आणि आईचे नाव सांगितले, आणि तिने मातृभाषा या रकान्यात हिंदी असे लिहून टाकले. कागद हाती आल्यावर त्याने तो दोनदा वाचला, खालच्या गोल शिक्क्यावर बोट ठेवले आणि विचारले, "ताई, हा कागद गॅसच्या कनेक्शनला चालंल का?" तो जालन्याचा होता. दोन मराठी माणसे एकमेकांशी हिंदीत बोलत होती, कारण पोशाखावरून दोघांनीही एकमेकांना ओळखले असे मानले होते. भाषेची चूक दुरुस्त करायचे त्याच्या मनातही आले नाही. कुर्ल्याला आठजणांच्या खोलीत तो राहत होता आणि त्या पत्त्यावर त्याचे नाव असलेला एकही कागद त्याच्याजवळ नव्हता. इथे तर शिक्क्यासकट तयार कागद मिळत होता.

भाचीने त्याला समजावून सांगितले की हे खरे कार्यालय नाही. तो "असू द्या" म्हणाला आणि तरीही प्रत घडी घालून खिशात ठेवून गेला. त्या रात्री तिने शिक्का वापरणे बंद केले. मला विचाराल तर सहा दिवसांतली सर्वांत महत्त्वाची घटना हीच, आणि ती कलाकृतीच्या बाजूने लागत नाही. कार्यालयाचे सोंग आणणे ज्यांना परवडते त्यांच्यासाठी ते सोंग असते. ज्याला कागदाची खरोखर निकड आहे त्याच्यापुढे तेच सोंग फसवणुकीच्या फार जवळ जाते. मी तिला हे बोलून दाखवले. ती बराच वेळ गप्प होती, मग म्हणाली की तिच्या आधी तुषार जोग या कलावंताने मुंबईत 'युनिसेल पब्लिक वर्क्स सेल' नावाचे आपले स्वतःचेच एक 'खाते' काढले होते, आणि शहराच्या कारभाराची भाषा उसनी घेऊन नागरिकांच्या अडचणींवर तऱ्हेवाईक तोडगे सुचवले होते. लोकलमधून लोंबकळत जाणाऱ्यांनी स्वतःला गाडीशी जोडून घ्यावे यासाठीचे साधन हा त्यांतलाच एक. जोग २०१८ मध्ये गेले. त्यांचे काम मी फोनवर पाहिले आणि मला ते आवडले, कारण त्यात विनोद कारभाराच्या अंगावर जातो, प्रवाशाच्या नव्हे. भाचीच्या शिक्क्याचे तसे झाले नव्हते, हे तिला माझ्याआधीच कळले होते.

त्यानंतर मी तिच्याकडून अशा एकेका कलावंताची माहिती काढून घेऊ लागले. कलादालनाच्या भिंतीवर लावलेले इंग्रजी परिच्छेद मला इंग्रजी येत असूनही कळत नाहीत, हे मी येथे कबूल करते. त्यामुळे तिने मला तोंडी सांगितले आणि छायाचित्रे दाखवली.

रुमाना हुसेन यांच्या छायाचित्रापाशी मी अडले. १९९५ मध्ये, म्हणजे बॉम्बेचे अधिकृतपणे मुंबई झाले त्याच वर्षी, त्यांनी नरिमन पॉइंटच्या एनसीपीए या कलाकेंद्रात 'लिव्हिंग ऑन द मार्जिन्स' हा परफॉर्मन्स केला. पायांत घुंगरू, हातांत चिरलेली पपई, आणि आवाज न काढता वासलेले तोंड, अशा अवस्थेत त्या चालत राहिल्या. मूळच्या त्या चित्रकार. ६ डिसेंबर १९९२ ला बाबरी मशीद पाडली गेल्यानंतर आणि पाठोपाठ मुंबईत झालेल्या दंगलींनंतर त्यांनी फुटलेली मातीची भांडी आणि रोजच्या वापरातल्या वस्तू हाताशी घेतल्या आणि शेवटी स्वतःचे शरीरच समोर आणले. १९९९ मध्ये, पन्नाशीही गाठण्याआधी, त्या कर्करोगाने गेल्या. त्या परफॉर्मन्सच्या नावातल्या 'मार्जिन'चा अनुवाद सगळे 'परिघ' किंवा 'सीमान्त' असा करतील. मला मात्र तो शब्द वाचताक्षणी समास दिसला, कारण जानेवारी १९९३ नंतरचे महिने मी खिडकीवर काढलेले आहेत. कागद जळाले म्हणून प्रती मागायला लोक येत. पत्ता सांगताना काहीजण आवाज खाली आणत. आमच्या ओळखीच्या कितीतरी इमारतींत दारावरच्या नावाच्या पाट्या उतरल्या होत्या आणि त्यांच्या जागी चार खिळ्यांची भोके उरली होती. त्या लोकांना मी प्रती दिल्या, नियमाप्रमाणे शुल्क घेतले, पावती फाडली. त्यांच्याकडे पाहिले असे मात्र मला आठवत नाही. वासलेल्या तोंडाच्या त्या बाईंपुढे उभ्या राहिलेल्या प्रेक्षकाला कागदाकडे पाहण्याची सोय नव्हती, आणि परफॉर्मन्स हा प्रकार भिंतीवरच्या चित्रापेक्षा वेगळा का, हे मला तिथे कळले.

शिल्पा गुप्ता यांनी हीच गोष्ट थेट लोकलच्या डब्यात नेली. मुंबईच्या जे.जे. कला महाविद्यालयात शिल्पकला शिकलेल्या या कलावतीने २००२ च्या सुमारास 'ब्लेम' हे काम सुरू केले: कृत्रिम रक्ताच्या लहान बाटल्या प्रवाशांना देऊ करायच्या. बाटलीवरचा मजकूर दुसऱ्याला दोष देण्यातल्या सुखाविषयी होता, आणि दोष कशाचा तर धर्माचा, राष्ट्रीयत्वाचा, म्हणजे जे माणसाने निवडलेले नसते त्याचा. गुजरातमधल्या दंगलींचे ते वर्ष होते. डब्यात टिकल्या-पिना विकणाऱ्या बायकांकडून जिन्नस हातात घेऊन पाहण्याची आपल्याला इतकी सवय असते की बाटलीही लोकांनी तशीच हातात घेतली असणार, आणि मग ती परत कोणाला द्यायची हा प्रश्न पडला असणार. त्या डब्यात मी असते तर मी ती घेतली असती का? बहुधा खिडकीबाहेर पाहिले असते.

अमोल पाटील यांच्याविषयी मात्र मला आपुलकी वाटते, आणि ती निःपक्ष नाही. १९८७ मध्ये मुंबईत जन्मलेला हा मुलगा (माझ्या वयाला तो मुलगाच) पोवाडे रचणाऱ्या आजोबांचा नातू आणि महापालिकेत नोकरी करून नाटके लिहिणाऱ्या वडिलांचा मुलगा. २०२२ मध्ये जर्मनीतल्या कासेल येथे भरलेल्या पंधराव्या डॉक्युमेंटा या आंतरराष्ट्रीय कलाप्रदर्शनात त्याने 'ब्लॅक मास्क्स ऑन रोलर स्केट्स' हे काम मांडले, ज्याच्या केंद्रस्थानी रस्ता झाडणारा कामगार, त्याचा रेडिओ आणि पायांतले रोलर स्केट्स आहेत. मुंबईच्या यलगार सांस्कृतिक मंचाची गाणी त्या कामाबरोबर तिथवर गेली. पुढच्या वर्षी लंडनच्या हेवर्ड गॅलरीत त्याचे प्रदर्शन झाले. चाळीतली खोली, कामगाराची त्वचा, धूळ, घाम यांचे हे काम पाहताना मला वाटले की ज्यांना आपण केवळ पोशाखावरून ओळखतो, म्हणजेच मुळीच ओळखत नाही, त्यांच्यातला एक चाकांवर स्वार होऊन गाणे लावत आला, तर रस्त्यावरच्या प्रत्येकाला मान वळवावी लागेल. आमच्या कार्यालयाबाहेरचा रस्ता झाडणाऱ्या मावशींचे नाव मला निवृत्तीच्या दिवशी कळले, तेही त्यांनी निरोपाच्या यादीत पाच रुपये लिहिले म्हणून.

सगळे परफॉर्मन्स मला भावतात असे मुळीच नाही. भाचीच्या मित्राने तीन तास एका बादलीतले पाणी दुसरीत ओतले होते; मी अर्ध्या तासाने उठले, कारण ज्या चाळीत पाणी पहाटे साडेचारला येई तिथे मी वाढले आहे आणि हे काम मी फुकट केलेले आहे.

सहाव्या, म्हणजे शेवटच्या दिवशी भाचीने एक गोष्ट केली जी तिने मला आधी सांगितली नव्हती. ती जीन्स आणि साधा कुडता घालून, चष्मा न लावता गाळ्यात आली आणि लोकांमध्ये मिसळून भिंतीवरचे कागद पाहू लागली. आदल्या दिवशी ज्यांचे नमुने तिने भरले होते ते दोघेतिघे पुन्हा आले होते, त्यांनी तिलाच विचारले, "त्या बाई आज नाहीत का?" मला एकदम लालबागला येणारा बहुरूपी आठवला. दिवाळीनंतर तो यायचा, एक दिवस पोलीस होऊन काठी आपटत, वॉरंट बजावत. दुसऱ्या दिवशी डॉक्टर, मग कुठली म्हातारी. तो बहुरूपी आहे हे ठाऊक असूनही पोलिसाच्या वेळी आमच्या पोटात गोळा येईच. शेवटच्या दिवशी बिदागी मागायला तो स्वतःच्या कपड्यांत यायचा, आणि त्या दिवशी आई दार उघडून नेहमी एकच विचारायची, "कोण पाहिजे?"

रात्री साडेनऊला गाळा रिकामा करायचा होता. भिंतीवरचे कागद काढून मी तारखेप्रमाणे लावले, भोके पाडून हिरव्या दोऱ्याने बांधले. एकच कोरा नमुना उरला. भाचीने मला खुर्चीत बसवले आणि स्वतः खिडकीबाहेर जाऊन उभी राहिली. "पुढचे," मी म्हटले, जसे हजारो वेळा म्हटले असेल. तिने नाव सांगितले, आईचे नाव सांगितले. मी प्रथमच मान वर करून, पुरता वेळ घेऊन समोरच्या माणसाकडे पाहिले आणि मग लिहायला घेतले. हात मला काढता येईना, म्हणून चौकटीत तिच्या बोटाला लागलेल्या कोळशाचाच ठसा घेतला. मूळ गाव या रकान्यापाशी मी थांबले. आमचे पाटण तालुक्यातले गाव मी आयुष्यभर अर्जांवर लिहीत आले, जिथे मी सलग दहा रात्रीही कधी झोपलेले नाही. तिच्या वडिलांचे गाव रत्नागिरीकडचे, तिथे ती लहानपणी दोनदा गेली. मी लिहिले, 'नालासोपारा'.

कागद बाहेर दिला. तिने तो दिव्याखाली धरून वरपासून खालपर्यंत वाचला, माझ्या हातातले पेन मागून घेतले, समासात बारीक अक्षरांत 'पूर्व' असे लिहिले, सही केली आणि तारीख घातली.